टोमॅटो न घालता पास्ता-पिझ्झासाठी लाल सॉस कसा करावा?

कोथरूडकर:
नमस्कार. टोमॅटो खाल्ला की माझ्या मुलाच्या ओठांभोवती लाल चट्टे उठतात, त्यामुळे डॉक्टरांनी कच्चा आणि शिजवलेला असा दोन्ही टोमॅटो बंद करायला सांगितला आहे. पास्ता मात्र त्याला मनापासून आवडतो. गाजर आणि बीट एकत्र वाटले की सॉस गोडसर आणि जांभळट होतो. टोमॅटोचा आंबटपणा आणि दाटपणा दुसऱ्या कशाने आणता येईल का? एकदाच जास्त करून महिनाभर ठेवता येईल का?

सदाशिव पेठ:
ताई, आपण बिटावर जास्त भर देत असाल असे वाटते. बीट केवळ रंगापुरते घ्यावे आणि सॉसचे अंग लाल भोपळा व गाजर यांनी भरावे. पाव किलो भोपळा, पाव किलो गाजर आणि लिंबाएवढा बिटाचा तुकडा हे प्रमाण चांगले जमते. बिटाचा मातकट वास सालीत अधिक असल्याने साल जाडसर काढावी.

खरी चव कांद्यात आहे. एक मोठा कांदा बारीक चिरून तेलात मंद आचेवर चांगला तांबूस होऊ द्यावा, मग पाच-सहा लसूण पाकळ्या आणि दोन-तीन चिरलेली मशरूम घालून त्यांचे पाणी पूर्ण आटेपर्यंत परतावे. टोमॅटोमध्ये ग्लुटामेट भरपूर असते आणि त्यानेच सॉसला ती भरीव चव येते. ही उणीव मशरूम बऱ्याच अंशी भरून काढते. त्यानंतर भाज्या शिजवून सगळे एकत्र वाटावे. आंबटपणासाठी पाच-सहा आमसुले कोमट पाण्यात भिजवून, कुस्करून त्यांचे पाणी बीट शिजतानाच घालावे, कारण बिटाचा रंग आंबटात टिकतो आणि आंबटाशिवाय फार वेळ उकळला तर तपकिरी होत जातो. आमसुले बहुधा खारवलेली असतात, तेव्हा मीठ अगदी शेवटी, चाखूनच घालावे. चिंच घातली तरी चालते, पण रंग काळपट होतो.

औंधवासी:
वरच्या कृतीत एक खबरदारी सुचवतो. रंगासाठी अनेकजण भाजलेली लाल ढोबळी मिरची किंवा काश्मिरी मिरचीपूड घालतात. मिरची, वांगे आणि बटाटा हे टोमॅटोच्याच कुळातले आहेत. टोमॅटोचा त्रास असलेल्या प्रत्येकाला ते बाधतात असे मुळीच नाही, तरीही मुलाला आजवर ते सोसत आले नसतील, तर डॉक्टरांना विचारूनच वापरावेत. तयार पिझ्झा सॉस, शेजवान चटणी, इतकेच काय, मसाला शेवयांच्या पाकिटावरील घटकांची यादीसुद्धा वाचावी. टोमॅटो पावडर अनपेक्षित ठिकाणी सापडते.

कोथरूडकर:
दोघांचेही मनापासून आभार. ढोबळी मिरची त्याला सोसते. साठवणीविषयी कोणी सांगेल का?

सदाशिव पेठ:
बाटलीत भरून बाहेर मुळीच ठेवू नये, हे मी आग्रहाने सांगते. गाजर, बीट आणि भोपळा या कमी आम्लाच्या भाज्या आहेत. अन्नाचा पीएच (आम्लतेचे माप; आकडा जितका जास्त तितका आंबटपणा कमी) ४.६ पेक्षा जास्त असेल, तर हवाबंद बाटलीत बोट्युलिझम या जीवघेण्या विषबाधेचे जिवाणू वाढू शकतात आणि त्यांचे बीजाणू साध्या उकळण्याने मरत नाहीत. अंदाजाने आमसूल किंवा लिंबू वाढवून ही खात्री होत नाही. सॉस फ्रीजमध्ये तीन-चार दिवस ठेवावा. बाकीचा गार झाल्यावर लगेच बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवून, वड्या पिशवीत भरून फ्रीझरमध्येच ठेवाव्यात. महिनाभर सहज टिकतात, आणि एका मुलाच्या ताटलीला चार-पाच वड्या पुरतात.