सोपाऱ्याच्या करंडकातील मातीचे तुकडे: पूज्य नेमके काय असते?

रानवाट:
नालासोपाऱ्याचा स्तूप, म्हणजे तिथल्या लोकांचा ‘बुरूड राजाचा कोट’, नुकताच पाहून आलो. 1882 साली भगवानलाल इंद्रजी यांनी तो उकरला, तेव्हा मधोमध एक दगडी पेटी निघाली आणि तिच्यात तांब्याचा, चांदीचा, दगडाचा, स्फटिकाचा व सर्वांत आत सोन्याचा, असे एकात एक बसवलेले करंडक होते. इतक्या आवरणांच्या आत अस्थी असणार असे कोणालाही वाटेल, पण सोन्याच्या करंडकात होते मातीच्या भांड्याचे तेरा बारीक तुकडे, आणि ते बुद्धांच्या भिक्षापात्राचे मानले जातात.
आमच्या घरी अस्थी गोळा केल्या की त्या उंबऱ्याच्या आत आणत नाहीत. झाडाला टांगून ठेवतात आणि नाशिकला रामकुंडात विसर्जित करून मोकळे होतात. जे एका परंपरेला अशौचाचे वाटते तेच दुसरीला सोन्यात जपावेसे का वाटते, आणि अस्थी सोडाच, पण खापरांनाही तो मान कसा मिळतो, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

धातुगर्भ:
आपण ज्यांना खापरे म्हणता त्यांना बौद्ध परंपरेत ‘धातू’ म्हणतात, आणि धातू म्हणजे केवळ अस्थी नव्हेत. देहाचे अवशेष ते शारीरिक, बुद्धांनी वापरलेल्या वस्तू (चीवर, भिक्षापात्र, ज्याच्या खाली बोधी प्राप्त झाली तो वृक्ष) ते पारिभोगिक, आणि त्यांची आठवण करून देणाऱ्या मूर्ती ते उद्देशिक, अशी विभागणी आहे. सोपाऱ्याचे तुकडे दुसऱ्या प्रकारातले. तांब्याच्या करंडकाभोवती ठेवलेल्या कांस्याच्या आठ मूर्ती तिसऱ्या प्रकारात बसतात. त्यांची शैली बरीच उत्तरकालीन असल्यामुळे तो स्तूप मध्यंतरी कधीतरी उघडून पुन्हा बंद केला असावा, असे अभ्यासक मानतात.
वापरलेल्या वस्तूचा मान ही नंतरची भर नाही. बुद्धांच्या अखेरच्या दिवसांची हकीकत सांगणाऱ्या महापरिनिब्बान सुत्तात द्रोण नावाचा ब्राह्मण त्यांच्या अस्थींचे आठ वाटे करून त्यांवरून पेटलेले भांडण मिटवतो आणि स्वतःसाठी फक्त ते मोजण्याचे भांडे मागून घेतो. पिप्फलिवनाचे मोरिय कुळातले लोक उशिरा पोहोचतात म्हणून त्यांच्या वाट्याला चितेतले निखारे येतात. स्तूप मात्र दहाही उभे राहतात, आठ अस्थींवर, एक भांड्यावर आणि एक निखाऱ्यांवर. माझ्या समजुतीप्रमाणे भर पदार्थावर नसून संबंधावर आहे. दरवर्षी 6 डिसेंबरला दादरच्या चैत्यभूमीवर रांगेत उभे राहणाऱ्याला हे वेगळे समजावून सांगावे लागत नाही.

वसईकर:
आम्हा कॅथलिकांमध्येही असेच वर्गीकरण होते: संतांचा देह किंवा त्याचा अंश, संतांनी वापरलेली वस्तू, आणि अवशेषाला स्पर्श केलेले कापड वगैरे. आराधना मात्र केवळ परमेश्वराची, संतांना वंदन. 787 सालच्या निकेआच्या धर्मपरिषदेपासून ही रेघ स्पष्ट आहे, जरी रांगेतल्या प्रत्येक भाविकाच्या मनात ती तितकीच स्पष्ट असेल असे मी छातीठोकपणे म्हणणार नाही.
देह अशुद्ध का नाही, याचे आमचे उत्तर असे, की तो पवित्र आत्म्याचे मंदिर होता आणि शेवटच्या दिवशी पुन्हा उठणार आहे. 1563 साली ट्रेंटच्या परिषदेने हेच कारण दिले. संत फ्रान्सिस झेवियर 1552 मध्ये चीनच्या किनाऱ्याजवळील बेटावर वारले, तेव्हा मांस लवकर झडून अस्थी नेता याव्यात म्हणून देहावर चुना घातला होता. काही आठवड्यांनी खड्डा उघडला तर देह जसाच्या तसा. 1554 मध्ये तो गोव्यात आला. 1614 साली उजव्या हाताचा कोपरापुढचा भाग काढून रोमला पाठवला, कारण त्याच हाताने त्यांनी हजारोंना बाप्तिस्मा दिला होता. म्हणजे देहातही ‘वापर’ मोजला गेलाच! बाकीचा देह जुन्या गोव्यात चांदीच्या पेटीत आहे आणि साधारण दर दहा वर्षांनी शवप्रदर्शन होते. मागचे जानेवारी 2025 मध्ये संपले.

टाळमृदंग:
मूळ प्रश्नातील एक गृहीतक मला मान्य नाही. अस्थिविसर्जन हा गृहस्थाचा विधी आहे. संन्याशाचे दहन करीत नाहीत, त्याला समाधी देतात, आणि तिथे अशौच नसून तीर्थ होते. आळंदीला समाधीवर डोके टेकताना कोणाला विटाळ आठवत नाही. तुकोबांचे उदाहरण तर याहून बोलके आहे. ते सदेह वैकुंठाला गेले, ही वारकऱ्यांची श्रद्धा असल्यामुळे देहावशेषाचा प्रश्नच उरत नाही, तरीही देहूहून पालखी निघते आणि तिच्यात पादुका असतात. धातुगर्भ यांच्या परिभाषेत त्यांना पारिभोगिक म्हणावे की उद्देशिक, हे त्यांनीच ठरवावे.

रानवाट:
सर्वांचे आभार. एक उपप्रश्न राहतो. उत्तर प्रदेशातील पिप्रहवा येथील स्तूपात 1898 मध्ये बुद्धांच्या मानल्या जाणाऱ्या अस्थींसोबत मिळालेली रत्ने 2025 च्या मे महिन्यात हाँगकाँगला लिलावात निघाली होती. भारत सरकारच्या आक्षेपानंतर तो लिलाव थांबला आणि जुलैत ती भारतात परत आली. ही रत्ने वापरलेली नव्हती, भाविकांनी अर्पण केलेली होती. मग ती धातू की दागिने?

वसईकर:
बौद्धांचे ते सांगतील. आमच्या चर्चच्या कायद्यात पवित्र अवशेष विकण्यास पूर्ण मनाई आहे. भोवतीच्या पेटीचे सोने-चांदी मोजता येते, आतल्याचा भाव करता येत नाही.

धातुगर्भ:
ज्याने ती रत्ने अस्थींबरोबर पुरली, त्याने ती पुन्हा कोणाच्या हाती लागावीत म्हणून ठेवली नव्हती. मी त्यांना धातूंतच धरतो.