अनुभव धागा: क्रीमी कोळंबी पास्ता, पण हलका. सोलापुरात कसा जमवता?

धागाकर्ती

चौघांसाठी क्रीमवाला कोळंबी पास्ता करताना साधारण हे माप धरतात: २५ टक्के फॅटचं पाकिटातलं क्रीम २०० मिली, बटर ५० ग्रॅम, प्रोसेस्ड चीज १०० ग्रॅम. क्रीमचे ५०, बटरचे ४०, चीजचे २५ असे सुमारे ११५ ग्रॅम फॅट झाले, म्हणजे माणशी २९. कोळंबीत स्वतःची चरबी नावालाच असते, सगळा भार सॉसचा. म्हणून हात घालायचा तो सॉसमध्येच.

माझं माप: टोन्ड दूध ४०० मिली, कॉर्नफ्लॉवर दीड मोठा चमचा (१२ ग्रॅम), तेल २ छोटे चमचे, चीज ४० ग्रॅम, लसूण ६ पाकळ्या, ताजी मिरपूड. फॅट एकूण ३० ग्रॅमच्या आसपास. पास्ता ३२० ग्रॅम, सोललेली कोळंबी ४०० ग्रॅम.

कॉर्नफ्लॉवर ३ चमचे गार दुधात कालवून बाजूला ठेवायचं. चिरलेला लसूण गार तेलातच घालून मंद आचेवर चढवायचा. तेल इतकं कमी असतं की तापल्यावर टाकला तर अर्ध्या मिनिटात करपतो आणि पांढऱ्या सॉसला कडवटपणा येतो. लसूण नुसता मऊ झाला की दूध ओतायचं, कडेला बुडबुडे दिसले की कालवलेलं कॉर्नफ्लॉवर पुन्हा ढवळून धारेने सोडायचं. उकळी फुटल्यावर एक मिनिट पूर्ण द्यायचं. इथे घाई केली की जिभेवर खडूसारखी कच्ची चव राहते. उलट दहा मिनिटं रटरटत ठेवलं तर आळलेला सॉस परत पातळ पडतो. चीज किसून, गॅस बंद करून.

आता तुम्ही सांगा: काय बदललं, किती घेतलं, कुठं बिघडलं आणि का. ‘मस्त होतो, करून बघा’ एवढ्यावर सुटका नाही!

टरफलवाला

क्रीम काढलं की पहिली तक्रार येते, ‘दुधाची खीर लागतेय’. कारण क्रीमबरोबर चवही गेली आणि तिच्या जागी कुणी काही घातलं नाही. ती चव आपण केराच्या डब्यात टाकत असतो. डोक्यासकट ८०० ग्रॅम कोळंबी घेतली की सोलून जेमतेम ४०० ग्रॅम हाती लागते. उरलेली डोकी आणि टरफलं धुऊन, निथळून १ छोटा चमचा तेलात चार-पाच मिनिटं परतायची. करड्याची केशरी होतात आणि भाजल्याचा वास सुटतो. डोक्यांवर डावाने दाब द्या, केशरी रस बाहेर येतो, खरी चव त्यातच. मग ६०० मिली पाणी, ४ मिरे, मंद आचेवर २० मिनिटं. त्याहून जास्त नको, कडसर होतं. बारीक गाळणीने गाळून उरलेलं पाणी आटवून १५० मिलीवर आणायचं.

आता धागाकर्तीच्या मापात दूध ४०० ऐवजी २५० मिली आणि १५० मिली हे पाणी. फॅट आणखी उतरतं आणि सॉसला फिकट गुलाबी रंग येतो. त्यात आंबट काही नसल्यामुळे दूध फाटत नाही.

डोक्यातली काळी पिशवी आधी काढा, तिच्यात रेती असते. डोकी काळवंडली असतील किंवा नाकाला झोंबणारा अमोनियाचा वास असेल तर पाणी काढायच्या भानगडीत पडू नका. वास असेल तर कोळंबीच परत करा. मुंबई इथून सुमारे ४०० किलोमीटर, माल बर्फातून येतो. वाटेत बर्फ वितळला होता का, ते डोकी आधी सांगतात.

जुळे सोलापूर

अख्खी झिंगे दर वेळी मिळत नाहीत की ओ, मग गोठवलेलं पाकीट. त्यात दोन फसगती आहेत. वजनात बर्फाचा थर धरलेला असतो, म्हणून पाकिटावरचं निव्वळ वजन वाचा. दुसरं म्हणजे घटकांत ‘आयएनएस ४५१’ दिसलं की समजा, फॉस्फेटमध्ये भिजवून पाणी धरून ठेवलेलं आहे. अशी कोळंबी कढईत पडली की पाणी सोडते, भाजली जात नाही, नुसती उकडते, आणि तेच पाणी सॉसमध्ये गेलं की सगळं पाणचट.

उपाय: रात्रभर फ्रीजच्या खालच्या कप्प्यात सोडवायची, चाळणीत ठेवून खाली ताटली. घाई असेल तर बंद पिशवीत, गार पाण्यात अर्धा तास. मायक्रोवेव्ह नको, कडा शिजतात आणि मधे बर्फच राहतो. नंतर सुती कापडात दाबून कोरडी करायची आणि ४०० ग्रॅम दोन खेपांत भाजायची. एकदम टाकली की कढई थंड पडते.

हळद लावू नका. हात आपोआप डब्याकडे जातो, माहीत आहे, पण सॉस पिवळा होतो. लिंबू चोळून मुरवूही नका, आंबटाने बाहेरचं मांस आधीच पांढरं आणि घट्ट होतं. पाव चमचा मीठ आणि चिमूटभर खायचा सोडा लावून १५ मिनिटं ठेवली तर मात्र चावायला कुरकुरीत राहते.

पांढरी कढई

कोळंबी किती शिजवायची यावर माझा एकच नियम: इंग्रजी ‘सी’सारखी वळली की काढा. ‘ओ’सारखं शेपूट डोक्याला टेकलं तर गेली, रबर. मध्यम आकाराला एका बाजूला दीड मिनिट, उलटवून एक मिनिट. पाठीवर जिथं काळा दोरा काढायला चीर दिली, तिथं आत पाहा. काचेसारखा पारदर्शक पट्टा गेला आणि मोत्यासारखा पांढरा झाला की ताटलीत काढायची, कारण तिथंही ती थोडी शिजतेच. सॉसमध्ये परत जाते ती अगदी शेवटी, गॅस बंद केल्यावर. भर क्रीममध्ये कडक झालेली कोळंबी खपून जाते. हलक्या सॉसमध्ये चूक उघडी पडते.

माकूळ (स्क्विड) घालणार असाल तर गोल चकत्या, कडक तापलेल्या कढईत दीड मिनिट. तिथून पुढे गेलात की थेट ४० मिनिटं शिजवल्याशिवाय मऊ होत नाही. मधलं काहीच चालत नाही.

विजापूर रोड

पास्त्याच्या पाण्याबद्दल कुणी बोललंच नाही. मलई नसली तर सॉसला चकाकी त्या पाण्यातल्या पिठानेच येते. म्हणून मोठं पातेलं भरून पाणी घेत नाही. ३२० ग्रॅमला २ लिटर, मीठ २० ग्रॅम. काढताना पाणी गढूळ, किंचित चिकट हवं. दीड वाटी बाजूला ठेवायचं, मगच गाळायचं.

पाकिटावर १० मिनिटं लिहिली असतील तर ८ व्या मिनिटाला एक नळी तोडून बघा. मधोमध टाचणीच्या टोकाएवढा पांढरा ठिपका दिसला की चाळणीत. उरलेली दोन मिनिटं सॉसमध्ये, त्या पाण्याचे चार-पाच चमचे घालत, जोरात हलवत. आपलं सोलापूर समुद्रसपाटीपासून साडेचारशे मीटरवर, पाणी उकळतं ते साधारण साडेअठ्ठ्याण्णव अंशांना. त्यामुळे घड्याळापेक्षा ठिपक्यावर भरवसा ठेवा. गाळल्यावर नळाखाली धुवायचा नाही. सगळं पीठ गटारात जातं आणि सॉस नळीवरून घसरून खाली बसतो.

पाकिटावर ड्युरम गव्हाचा रवा लिहिलेला बघून घ्या (आपला बन्सी तो हाच). मैद्याचा स्वस्त पास्ता दोन मिनिटांत ‘कच्चा’वरून ‘लगदा’वर जातो.

आणि मीठ. पाण्यात आहे, चीजमध्ये आहे, कोळंबीला लावलंय. सॉसमध्ये घालायचंच झालं तर शेवटी चाखून.

चक्काप्रेमी

माझ्याकडे दूध-कॉर्नफ्लॉवर नाही, चक्का. २०० ग्रॅम, टोन्ड दुधाच्या दह्याचा. उन्हाळ्यात इथं दही चार-पाच तासांत लागतं आणि लगेच आंबट होतं, म्हणून लागल्या लागल्या फ्रीजमध्येच टांगायचं. चक्क्यात १ छोटा चमचा कॉर्नफ्लॉवर फेटायचं, मग पास्त्याचं गरम पाणी एकेक चमचा करून अर्धी वाटी घालायचं. कढई गॅसवरून उतरवून, बुडबुडे थांबल्यावर चक्का आत. उकळत्यात टाकला की दह्यातली प्रथिनं आकसून कणी-कणी होतात आणि पाणी वेगळं निघतं. कॉर्नफ्लॉवर ते थोडं रोखतं, चमत्कार करत नाही.

एकदा फाटलं की जुळत नाही. मिक्सरमधून काढलं तर दिसायला बरं होतं, जिभेला रवाळच लागतं.

धागाकर्ती

@चक्काप्रेमी, लिंबू मग लागतच नसेल. दुधाच्या सॉसला अर्ध्या लिंबाचा रस लागतो, पण वाढताना, ताटात. कढईत पिळला की तुमचीच गत.

फ्लॉवर पार्टी

फ्लॉवर २५० ग्रॅम, वाफवून अगदी मऊ, १५० मिली दुधाबरोबर मिक्सरला तीन मिनिटं. कॉर्नफ्लॉवर नाही, चीज निम्मं. गरम असतानाच फिरवा, पण झाकण कापडाने सैल धरा, वाफ झाकण उडवते. वाफवायला १० मिनिटं पुरे. अर्धा तास ठेवलात तर गंधकाचा वास येतो आणि मुलांना लगेच कळतं. टरफलांचं पाणी इथं हवंच, नाहीतर नुसतं सूप.

उजनीकाठ

कोळंबी महाग पडते तेव्हा उजनी धरणातली चिलापी (तिलापिया मासा). काटे काढून, सालीशिवाय, अडीच सेंटिमीटरचे तुकडे. रोहू-कटला नको, त्यांचे दोन फाट्यांचे बारीक काटे मांसातच अडकलेले असतात, पास्त्यात घशाशी येतील. चिलापीला चिखलट वास असेल तर लिंबाचा रस किंवा चिंचेचं पाणी दहा मिनिटं लावून धुवायचं. आंबटाने वास देणारा पदार्थ मोडतो. (कोळंबीला लिंबू नको हे बरोबर, इथं मात्र हवं.) मग कोरडी करून १ चमचा तांदळाचं पीठ भुरभुरवायचं आणि तव्यावर दोन-दोन मिनिटं. ढवळताना तुकडे मोडतात, म्हणून पास्ता ताटात वाढल्यावर वरून ठेवायचे.

मंगळवार पेठ

दूध गवळ्याचं म्हशीचं असेल तर फॅट ६ टक्क्यांच्या वर, म्हणजे टोन्डच्या दुप्पट. तापवून, फ्रीजमध्ये गार करून, साय काढूनच घ्या. नाहीतर धागाकर्तीचा सगळा हिशेब फसला.

आणि चीजवरून भांडायचंच असेल तर इटलीत मासळीच्या पास्त्यावर चीज टाकत नाहीत, चव दबते म्हणून. बरं, ज्या आल्फ्रेदो पास्त्याच्या नावाने आपण क्रीम ओततो, त्या रोममधल्या मूळ पदार्थात क्रीम नव्हतंच. बटर, पार्मेजान आणि पास्त्याचं पाणी. हलका नव्हता, पण क्रीमचा दोष त्याच्या माथी नको.

कडक भाकरी

@मंगळवार पेठ, चीजऐवजी दक्षिण इटलीत भाजलेला पावाचा चुरा घालतात. आपल्याकडे त्याहून सरस वस्तू आहे. ज्वारीची एक कडक भाकरी लाटण्याने भरड चुरायची, पीठ करायचं नाही. १ छोटा चमचा तेल, लसणाची एक ठेचलेली पाकळी, मंद आचेवर तीन मिनिटं, उतरवून लिंबाची किसलेली साल आणि भरड लाल मिरची. चौघांना पुरतं. पावाचा चुरा सॉसवर दोन मिनिटांत भिजतो, हा ताट संपेपर्यंत कुरकुरतो.

नवी पेठ

आणि शेंगा चटणी? आमच्याकडे वरून घालतात.

कडक भाकरी

लागते भारी, पण मोठ्या चमच्याला ५० कॅलरी सहज. क्रीम काढून शेंगदाणे घातले तर धागा कशाला काढला मग!

नवी पेठ

बरं. उरलेल्याचं काय करता? दुसऱ्या दिवशी ढेकूळ होतं.

पांढरी कढई

होणारच, कॉर्नफ्लॉवर गार झालं की घट्ट बसतं आणि पास्ता रात्रभर सॉस पीत राहतो. म्हणून पहिल्या दिवशीच हवा त्याहून थोडा पातळ ठेवून गॅस बंद करायचा. उरलेला असेल तर कोळंबी वेचून वेगळ्या डब्यात. इथल्या चाळीसच्या वरच्या उन्हाळ्यात तासाभराच्या आत फ्रीजमध्ये, ओट्यावर ‘गार होऊ दे’ म्हणून ठेवायचा नाही. दुसऱ्या दिवशी वाटीला ३ चमचे दूध घालून, मंद आचेवर, झाकून. पास्ता पूर्ण वाफाळला की कोळंबी आत, झाकण, गरम होईपर्यंत दोन मिनिटं. मायक्रोवेव्हमध्ये कोळंबीसकट फिरवला तर तिचं रबर होतं. भाकरीचा चुरा मात्र उरलेल्यात मिसळून ठेवू नका, वेगळ्या कोरड्या डबीत ठेवा.