शब्दचर्चा : १९१२ची वर्ल्ड सिरीज मराठीत सांगताना 'इनिंग', 'एरर' आणि 'टाय'

विचारणा

बोस्टन रेड सॉक्स विरुद्ध न्यूयॉर्क जायंट्स, १९१२ची बेसबॉलची वर्ल्ड सिरीज. तिच्या शेवटच्या सामन्याचं वर्णन मराठीत करायचं आहे आणि चार ठिकाणी अडतंय. 'इनिंग'ला डाव म्हटलं की वाचक क्रिकेटचा डाव धरतो. 'एरर' आणि 'मफ' दोन्हींना 'झेल सुटला' चालेल का? दुसरा सामना ६-६वर थांबला, तो अनिर्णित की बरोबरीत? आणि सात सामन्यांच्या मालिकेत आठवा सामना झाला, हे कसं लिहावं?

उत्तर

शेवटच्या प्रश्नापासून सुरू करू, कारण तिथे घोळ 'सात सामन्यांची मालिका' या शब्दांनीच केलाय. क्रिकेटमध्ये पाच कसोटींची मालिका म्हणजे पाचही कसोटी खेळायच्या, मग निकाल काहीही लागो. इथे अट विजयांची होती : जो आधी चार जिंकेल तो विजेता. सर्व सामने निकाली झाले तर सातव्यापर्यंत फैसला होतोच, म्हणून सात. ९ ऑक्टोबरचा दुसरा सामना ११ इनिंग्ज खेळून ६-६वर अंधारामुळे थांबवावा लागला (मैदानावर दिव्यांची सोय नव्हती). त्याचा विजय कोणाच्याच खात्यात गेला नाही, मात्र खेळाडूंचे आकडे धरले गेले. पुढे विजय ३-३ झाले आणि १६ ऑक्टोबरला आठवा सामना खेळावा लागला. 'चार विजयांची मालिका' लिहा, खुलासाच करावा लागणार नाही.

१९०३च्या पहिल्या वर्ल्ड सिरीजमध्येही आठच सामने झाले, पण कारण वेगळं. तेव्हा अट पाच विजयांची होती आणि बोस्टनने पिट्सबर्गला ५-३ हरवलं. दोन मालिकांची तुलना करणारा लेख असेल तर हे आधी सांगून टाका.

६-६ बद्दल

'बरोबरीत सुटला' हेच योग्य. क्रिकेटच्या मराठीत अनिर्णित म्हणजे वेळ संपली, धावा कितीही असोत. बरोबरी म्हणजे धावा समान. या सामन्यात दोन्ही गोष्टी आहेत, प्रकाशही संपला आणि धावाही समान. पण बेसबॉलच्या नोंदीत महत्त्व समान धावांना आहे. बोस्टनची एक धाव जास्त असती, तर अंधारामुळे थांबलेला तोच सामना निकाली ठरला असता, कारण पाच इनिंग्ज केव्हाच पूर्ण झाल्या होत्या. 'अनिर्णित'मध्ये हा अर्थ उतरत नाही.

इनिंग

यासाठी क्रिकेटकडे बघूच नका, खो-खोकडे बघा. खो-खोचा सामना दोन डावांचा. एका डावात दोन्ही संघ आळीपाळीने आक्रमण आणि संरक्षण करतात, आणि त्या अर्ध्या भागाला पाळी म्हणतात. बेसबॉलची रचना हीच आहे. एका इनिंगमध्ये आधी पाहुणा संघ फलंदाजी करतो, तीन गडी बाद झाले की यजमान. म्हणजे इनिंग = डाव, अर्धी इनिंग = पाळी, सामना नऊ डावांचा, बरोबरी असेल तर पुढे वाढणारा. क्रिकेटमध्ये डाव एकाच संघाचा असतो, म्हणून 'दहाव्या डावात जायंट्सने एक आणि बोस्टनने दोन धावा केल्या' हे वाक्य क्रिकेटवाल्याला अशक्य वाटतं. खो-खोवाल्याला वाटणार नाही.

खो-खोचा आणखी एक उपयोग आहे. यजमान संघ शेवटच्या पाळीत पुढे गेला की सामना तिथेच संपतो, पाळी पुरी करत नाहीत. आपल्याकडच्या बातम्यांत 'एक गुण व चार मिनिटे राखून विजय' असतं, तसं इथे 'एक गडी राखून' म्हणावंसं वाटेल. ते मात्र टाळा. क्रिकेटमध्ये 'गडी राखून' हे विजयाचं अंतर असतं, बेसबॉलमध्ये अंतर फक्त धावांचं. '३-२, शेवटच्या पाळीत दोन बाद असताना' एवढं पुरे.

हरकत

'डाव' मान्य. पण नुसतं 'बोस्टनची पाळी' छापील मजकुरात खटकतं. 'फलंदाजीची पाळी' लिहावं, किंवा 'डावाचा उत्तरार्ध'. दुसरा शब्द जरा पुस्तकी आहे, तरी गैरसमज होत नाही. पिचर (चेंडू फेकणारा), कॅचर (फलंदाजामागे झेलणारा), बेस (धावताना गाठायचे थांबे), होम (धाव पुरी होते तो शेवटचा थांबा) यांचं मराठीकरण नको. महाराष्ट्रात सॉफ्टबॉल-बेसबॉल खेळणारी मुलं हेच शब्द बोलतात. पिचरला गोलंदाज म्हटलं की टप्पा डोळ्यांपुढे येतो, आणि इथे टप्पा नसतो.

मराठीत 'चेंडू' आणि 'बॉल' असे दोन शब्द आहेत, त्यांची वाटणी करून टाका. वस्तू ती चेंडू. स्ट्राइकच्या पट्ट्याबाहेर (फलंदाजाला नीट मारता येईल अशा जागेबाहेर) गेलेली आणि फलंदाजाने सोडून दिलेली फेक ती बॉल. चार बॉल झाले की फलंदाजाला पहिला बेस फुकट मिळतो, तो 'वॉक'.

एरर, मफ आणि झेल

खरी गंमत इथे आहे, आणि एका शब्दाने भागणार नाही. दहाव्या डावाच्या उत्तरार्धात दोन झेल सुटले, पण गुणलेखकाच्या वहीत ते सारखे नाहीत.

पहिला : बोस्टनचा बदली फलंदाज क्लाइड एंगलने चेंडू उंच मारला. जायंट्सचा सेंटर फील्डर फ्रेड स्नॉडग्रासच्या हातमोज्यात येऊन तो खाली पडला आणि एंगल दुसऱ्या बेसवर पोचला. हा एरर. सोपा झेल हातातून टाकणं म्हणजे मफ. 'जीवदान' इथे अपुरं आहे, कारण फलंदाज नुसता वाचला नाही, दोन बेस पुढे गेला. 'स्नॉडग्रासने सोपा झेल टाकला, एररची नोंद' असं लिहावं.

दुसरा : ट्रिस स्पीकरचा फाउल चेंडू पहिल्या बेसच्या रेषेबाहेर वर उडाला. फाउल चेंडू झेलला तरी फलंदाज बाद होतो. पहिल्या बेसवरचा मर्कल, कॅचर मायर्स आणि पिचर मॅथ्युसन यांच्यामध्ये तो पडला. याचा एरर कोणाच्याच नावावर नाही. झेल कोणी घ्यायचा यावरून झालेला गोंधळ ही नोंदण्याजोगी चूक धरत नाहीत. म्हणून एररला 'चूक' हा सरसकट प्रतिशब्द धोक्याचा आहे. चूक दोन्हीकडे झाली, एरर एकच. आणि 'जीवदान' हा शब्द इथे चपखल बसतो : स्पीकर पुन्हा उभा राहिला आणि त्याच्या फटक्यावर बरोबरीची धाव आली.

त्या मफला पुढे तीस हजार डॉलरचा मफ म्हणू लागले. विजेत्या खेळाडूचा वाटा सुमारे ४,००० डॉलर, पराभूताचा सुमारे २,५००. फरक गुणिले संघातले वीसेक हिस्सेदार केलं की तो आकडा येतो. स्नॉडग्रासवर हे नाव आयुष्यभर चिकटलं. त्याने लगेच पुढचा, हॅरी हूपरचा कठीण झेल घेतला होता, हे कोणी सांगत नाही.

'अर्न्ड' धाव

वरच्याला जोडून. एररमुळे आलेली धाव पिचरच्या सरासरीत धरत नाहीत, बाकीची ती 'अर्न्ड'. 'कमावलेली धाव' हे भाषांतर ऐकायला बरं, अर्थ उलटा : जणू पिचरने कमावली. 'पिचरच्या खात्यातली धाव' म्हणा. ती ठरवताना एरर झालाच नाही असं धरून डाव पुन्हा मांडतात. एंगल बाद, हूपर बाद, यर्क्स वॉक, स्पीकरचा फटका, लुईस वॉक, आणि लॅरी गार्डनरच्या उंच फटक्यावर तिसरा गडी. म्हणजे बोस्टनच्या त्या डावातल्या दोन्ही धावा मॅथ्युसनच्या खात्यात नाहीत, पराभव मात्र त्याच्याच नावावर.

सॅक्रिफाइस फ्लाय

'बलिदानाचा झेल' असं कुठेही लिहू नका. क्रिकेटमध्ये गडी बाद झाला की चेंडू मृत, त्यामुळे झेल घेतल्यावर धाव काढणं हा प्रकारच नाही. बेसबॉलमध्ये चेंडू जिवंत राहतो. धावपटूने आपल्या बेसला पाय लावून थांबायचं, झेल घेतला गेला की सुटायचं. फटका लांब असेल तर तिसऱ्या बेसवरचा गडी फेक येण्याआधी होमला पोचतो. 'झेल देऊन धाव' म्हणा, लगेच समजतं.

एवढ्या शब्दांवर मजकूर असा जमतो :

दहाव्या डावाच्या पूर्वार्धात जायंट्स २-१ पुढे गेले. उत्तरार्धात स्नॉडग्रासने एंगलचा सोपा झेल टाकला. हूपर झेलबाद, यर्क्सला वॉक. स्पीकरला फाउलवर जीवदान मिळालं आणि त्याच्या फटक्यावर एंगलने बरोबरी साधली. लुईसला मुद्दाम वॉक देऊन तिन्ही बेस भरले. गार्डनरने राइट फील्डला झेल देऊन यर्क्सची धाव काढली. बोस्टन ३-२.

एक पुरवणी

'विश्वमालिका' नको. दोन अमेरिकी लीगच्या विजेत्यांचा हा सामना आहे, आणि 'वर्ल्ड' नावाच्या वृत्तपत्रावरून नाव पडलं ही दंतकथा आहे. एकोणिसाव्या शतकातच अशा लढतींना जगज्जेतेपदाच्या म्हणत. 'वर्ल्ड सिरीज' तसंच ठेवा. जायंट्सच्या मैदानाचं नावही 'पोलो ग्राउंड्स'च राहू द्या. 'पोलोच्या मैदानावर' लिहिलं की घोडे शोधत बसतील.