पोत्यावरचं 'के' नेमकं किती? मदत हवी आहे

पऱ्हाटीला (कपाशीला) 10:26:26 खत आणलं; हे आकडे म्हणजे नत्र, स्फुरद आणि पालाश (पोटॅश) यांचे टक्के. नववीतली पोरगी पोतं वाचून म्हणे, "बाबा, पोटॅशियमची संज्ञा 'के' कशी?" कॅलियम या त्याच्या लॅटिन नावावरून, एवढं सांगितलं. 1807 मध्ये डेव्ही या शास्त्रज्ञानं पोटॅशमधून वीज सोडून पोटॅशियम वेगळं केलं, हे तिनंच मला ऐकवलं.

अडलं पुढे. शेवटचे 26 टक्के निव्वळ पोटॅशियम नसतं म्हणे, ऑक्साइड (के-टू-ओ) धरून मोजतात, त्यात पोटॅशियम 83 टक्के. म्हणजे 50 किलोच्या पोत्यात 13 नव्हे, पावणेअकरा किलोच! बरोबर ना भाऊ?

माती परीक्षणाच्या कागदावर नुसतं 'पालाश, किलो/हेक्टर' आहे. तो आकडा पोटॅशियमचा धरू की ऑक्साइडचा? वावरात वाफसा आहे, लवकर सांगा.