संत्र्याची ताजी स्मूदी कडू होते, दूधही फाटते : माझे नेमके काय चुकते आहे?

प्रश्न

सर्वांना नमस्कार. माझ्या सासूबाईंना संत्रे मनापासून आवडते, परंतु दातांच्या त्रासामुळे त्यांना आता फोडी चावता येत नाहीत, आणि गाळलेला रस दिला तर "यात फळ कुठे आहे?" असे त्या विचारतात. म्हणून गेला महिनाभर मी रोज सकाळी अख्ख्या संत्र्याची स्मूदी करून पाहते आहे. दोन संत्री सोलून, हाताला लागतील तेवढ्या बिया काढून, फोडी मिक्सरच्या भांड्यात टाकते. त्यावर एक पेला फ्रीजमधले दूध, चमचाभर साखर आणि बर्फाचे पाच-सहा खडे घालून साधारण दोन मिनिटे फिरवते.

पहिला घोट बरा लागतो, पण गिळल्यानंतर जिभेच्या मागच्या बाजूला कडवटपणा राहतो. उरलेली अर्धी स्मूदी फ्रीजमध्ये ठेवली, तर दुपारपर्यंत ती इतकी कडू होते की ओतून द्यावी लागते, आणि साखर वाढवूनही त्या कडूपणात फरक पडत नाही. शिवाय पेला रिकामा होत आला की आतल्या बाजूला पांढरे बारीक कण चिकटलेले दिसतात. ते दूध फाटल्याचेच असावेत असे मला वाटते. आणखी एक म्हणजे दहा मिनिटांत वर दोन बोटे फेस व चोथा जमतो आणि खाली पिवळट पाणी राहते. सासूबाई काही बोलत नाहीत, पण पेला अर्धाच ठेवून उठतात, आणि मला त्याचे फार वाईट वाटते. कृती सांगताना कृपया कारणही सांगावे, म्हणजे पुढे फळ बदलले तरी मला अंदाज येईल.

उत्तर १

आपण कडूपणाचे वर्णन फार नेमके केले आहे, कारण त्यात दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि दोघींवरचे उपायही वेगळे आहेत.

पिताक्षणी जाणवणारा कडवटपणा बहुधा बियांचा आहे. संत्र्याच्या बियांमध्ये लिमोनिन नावाचा अतिशय कडू पदार्थ भरपूर असतो, आणि मिक्सरच्या पात्यांखाली एकदोन बिया जरी भरडल्या गेल्या, तरी सगळ्या पेल्याला त्याची चव येते. "हाताला लागतील तेवढ्या" बिया काढणे म्हणूनच पुरेसे नाही; फोडीच्या आत दडलेल्या चपट्या, अर्धवट वाढलेल्या बियाही निघायला हव्यात.

दुपारपर्यंत वाढणाऱ्या कडूपणाचे कारण अधिक गुंतागुंतीचे आहे. फळ शाबूत असताना त्याच्या गरात, फोडींच्या पापुद्र्यांत आणि सालीखालच्या पांढऱ्या थरात लिमोनिनच्या आधीच्या पायरीचा एक पदार्थ असतो व तो कडू नसतो. पेशी फुटल्या आणि तो पदार्थ आंबट रसात मिसळला, की हळूहळू त्याचे लिमोनिन बनू लागते, आणि या रूपांतराला काही तास लागतात. म्हणूनच हातात धरून खाल्लेले संत्रे गोड लागते आणि त्याच संत्र्याचा ठेवलेला रस कडू होतो. काही वाणांत हे प्रमाण जास्त असते. खालच्या टोकाला बेंबीसारखी खूण असणारी, बिया नसलेली नेव्हल जातीची संत्री त्यासाठी प्रसिद्ध आहेत. "बी नाही म्हणजे कडूपणा नाही" हा समज त्यामुळे खरा ठरत नाही. साखरेने गोडी वाढते, पण घशात मागाहून येणारी ही चव तिच्याखाली झाकली जात नाही, असा माझाही अनुभव आहे.

यावर मी जे करते ते सविस्तर लिहिते, कारण सगळे यश या पाच मिनिटांत आहे. फळ आधी धुवावे, म्हणजे सुरीबरोबर सालीवरची घाण आत जात नाही. मग वरचा आणि खालचा भाग चकतीसारखा कापून संत्रे पाटावर उभे ठेवावे, आणि धारदार सुरीने वरून खाली, फळाच्या गोलाईनुसार, साल व तिच्याखालचा पांढरा थर एकत्रच तासून काढावा. गराचा ओलसर नारिंगी रंग सगळीकडून दिसू लागला पाहिजे. त्यानंतर फळ भांड्यावर तळहातात धरून दोन पापुद्र्यांच्या मधोमध सुरीचे टोक मध्यापर्यंत न्यावे, दुसऱ्या बाजूनेही तसेच करावे, म्हणजे नुसता गर मोकळा होऊन भांड्यात पडतो आणि बिया डोळ्यांसमोर येतात. हातात उरलेला पापुद्र्यांचा पंखा मुठीत दाबला की बराच रस निघतो. तोही त्याच भांड्यात घ्यावा, मात्र पिळ अगदी शेवटच्या थेंबापर्यंत देऊ नये. पहिल्या दिवशी वेळ लागतो, पण हात बसला की दोन फळे पाच मिनिटांत होतात. आपल्या सासूबाईंना चावण्याचा त्रास असल्यामुळे पापुद्र्यांचे तुकडे घशाशी अडकणार नाहीत, हा आणखी एक लाभ.

चिमूटभराहून कमी मीठ घालून पाहावे. मिठामुळे जिभेला कडू चव कमी जाणवते. स्मूदी खारट लागता कामा नये एवढेच पाहायचे.

उत्तर २

दुधाविषयी लिहितो. आपला अंदाज बरोबर आहे, ते कण फाटलेल्या दुधाचेच आहेत. दुधातील केसीन हे प्रथिन साधारण ४.६ सामूला (सामू म्हणजे पीएच, आंबटपणाचे माप; तो जितका कमी तितका पदार्थ आंबट) एकत्र येऊन गोळा होते. ताज्या दुधाचा सामू ६.७ च्या आसपास असतो आणि संत्र्याचा रस बहुतेक वेळा ३.५ ते ४ च्या दरम्यान, त्यामुळे दोन्ही समप्रमाणात मिसळले की मिश्रण त्या मर्यादेजवळ किंवा तिच्याही खाली जाते. दूध आणि फळ बर्फासारखे गार असताना ही क्रिया रेंगाळते, म्हणून मिक्सरमधून काढताना स्मूदी गुळगुळीत दिसते. ती पेल्यात जसजशी कोमट होते, तसतसे कण उमटू लागतात. फाटलेल्या त्या दुधाने अपाय होत नाही, पण ज्यांना सावकाश घोट घेत प्यायचे असते त्यांना ते कण जिभेवर खरखरीत लागतात, आणि आपल्या घरी नेमके हेच घडत असावे.

सोपा मार्ग म्हणजे दुधाऐवजी दही. दही आंबून आधीच घट्ट झालेले असते, त्यामुळे संत्र्याच्या आंबटपणाने त्यात पुन्हा गुठळ्या होत नाहीत. आंबट दही घेऊ नये. ताजे, गोडसर दही फडक्यात बांधून अर्धा तास पाणी निथळू दिले, तर स्मूदीला साईसारखा दाटपणा येतो. दोन मध्यम संत्र्यांच्या गराला अर्धी वाटी असे दही मला योग्य वाटते. त्याहून जास्त घातले की संत्र्याची चव मागे पडते आणि पेल्यात दहीच उरते.

वर फेस आणि खाली पाणी होण्याचे कारण असे की संत्र्यात पाणी सुमारे ८७ टक्के असते आणि गराचे तंतू त्यात विरघळत नाहीत. जोराने फिरवताना हवेचे बुडबुडे त्या तंतूंत अडकतात आणि त्यांना वर उचलतात. बर्फ वितळून त्यात आणखी पाण्याची भर घालतो, म्हणून बर्फ पूर्णपणे वगळावा असे माझे स्पष्ट मत आहे. त्याऐवजी अर्धे पिकलेले केळे काप करून आदल्या रात्री फ्रीझरमध्ये ठेवावे. केळ्याने गारवा आणि दाटपणा एकदमच मिळतो, तंतू तरंगत वर जात नाहीत, आणि केळे चांगले पिकलेले असेल तर साखरही लागत नाही. भांड्यात सर्वांत खाली रस आणि दही, त्यावर गर, आणि वर गोठलेले केळे असा क्रम ठेवला तर पाती मोकळी फिरतात. आधी थांबून थांबून चार-पाच वेळा फिरवावे आणि नंतर सलग वीस-तीस सेकंद. दोन मिनिटे फार होतात, त्यात मिश्रण गरम होते आणि फेसही वाढतो.

दह्याबरोबर किवी किंवा ताजे अननस घालून ठेवू नये. त्या फळांतील विकरे (एन्झाइम) दुधाची प्रथिने तोडतात आणि थोड्या वेळाने वेगळाच कडूपणा येतो, मग दोष उगीच संत्र्याला दिला जातो.

उत्तर ३

वरील दोन्ही उत्तरे उत्तम आहेत, परंतु पापुद्रे पूर्णपणे टाकून देण्याबाबत माझे मत थोडे वेगळे आहे. संत्र्याचा चोथा, म्हणजे पेक्टिन आणि इतर तंतू, मोठ्या प्रमाणात या पापुद्र्यांतच असतो, आणि "यात फळ कुठे आहे?" हा आपल्या सासूबाईंचा प्रश्न मला अगदी योग्य वाटतो. दोन संत्र्यांपैकी एकाचा नुसता गर घ्यावा. दुसऱ्याच्या फोडी पापुद्र्यांसह घ्याव्यात, मात्र त्यांच्या पाठीवरचे पांढरे धागे, मधला पांढरा दांडा आणि बिया काढून टाकाव्यात. या फोडी थोड्या रसाबरोबर आधी एकट्याच बारीक वाटून घ्याव्यात आणि बाकीचे साहित्य नंतर घालावे, म्हणजे तुकडे राहत नाहीत.

दुसरी सूचना सुगंधाविषयी. संत्र्याचा खरा वास रसात कमी आणि सालीच्या नारिंगी थरातील तेलात जास्त असतो; ताजी साल दुमडली की डोळ्यांना झोंबणारे जे तुषार उडतात, तेच ते तेल. फळ कापण्यापूर्वी बारीक किसणीवर सालीचा केवळ नारिंगी भाग पाव चमचा किसून घ्यावा आणि पांढरे दिसू लागले की तिथेच थांबावे. एवढ्या किसाने गार, दाट स्मूदीतही संत्रे ओळखू येते.

प्रश्नकर्तीचा प्रतिसाद

आपणा सर्वांची मी मनापासून आभारी आहे. सलग तीन दिवस करून पाहिले. पहिल्या दिवशी सुरीने साल तासताना बराच गरही गेला, पण कडवटपणा जवळजवळ नाहीसा झाला होता. दुसऱ्या दिवशी दूध बंद करून निथळलेले दही आणि गोठवलेले केळे घेतले. पेला पंधरा मिनिटे तसाच ठेवून पाहिला, वर जेमतेम एक नखभर फेस होता आणि खाली पाणी सुटले नव्हते. आज एका संत्र्याच्या फोडी पापुद्र्यांसह वाटल्या आणि सालीचा कीसही घातला. सासूबाईंनी पेला हातात घेऊन आधी वास घेतला आणि नंतर पूर्ण संपवला.

आता एकच शंका उरली आहे. मला सकाळी लवकर बाहेर पडावे लागते. रात्रीच करून फ्रीजमध्ये ठेवली तर चालेल का, आणि मिक्सरमध्ये फिरवल्याने क जीवनसत्त्व नष्ट होते असे म्हणतात ते खरे आहे का?

उत्तर १ कडून

वाचून फार आनंद झाला. क जीवनसत्त्वाची फार काळजी करू नये. १०० ग्रॅम संत्र्यात ते सुमारे ५० मिलिग्रॅम असते. हवा आणि उष्णता यांमुळे ते हळूहळू कमी होते हे खरे, पण अर्ध्या मिनिटाच्या फिरवण्याने ते संपून जात नाही.

रात्री करून ठेवणे मात्र टाळावे, कारण फ्रीजच्या थंडीत लिमोनिन तयार होण्याचा वेग मंदावतो, थांबत नाही. त्यापेक्षा सुट्टीच्या दिवशी चार-पाच संत्र्यांचा गर बिया काढून ताटात एकेक सुटा पसरावा, तीन-चार तास फ्रीझरमध्ये घट्ट होऊ द्यावा आणि मग हवाबंद डब्यात भरून परत फ्रीझरमध्येच ठेवावा. सकाळी तो वितळू न देता थेट मिक्सरमध्ये घालावा. गोठताना काही पेशी फुटलेल्या असतात, त्यामुळे वितळून पडून राहिला तर तोही कडवट होऊ लागतो. गर गोठलेला असेल त्या दिवशी केळे साधेच घ्यावे, नाहीतर मिश्रण इतके घट्ट होते की पाती जागच्या जागी अडकतात, आणि फिरवताना दोन-तीन चमचे ताजा रस हाताशी ठेवावा.