नागोयाच्या किल्ल्यावरून सरदारांत धुसफूस का झाली?

गडवेडा: जपानचा सत्ताधीश तोकुगावा इएयासू याने १६१० मध्ये आपला नववा मुलगा योशिनाओ याच्यासाठी नागोयाचा किल्ला बांधायला घेतला आणि ते काम पश्चिमेकडील २० सरदारांवर सोपवले, असे वाचले. दुसऱ्याच्या मुलाचा किल्ला पदरमोड करून बांधायला हे सरदार तयार कसे झाले?

जुनीपाने: तयार झाले म्हणण्यापेक्षा, १६०० च्या सेकिगाहाराच्या लढाईत इएयासू जिंकल्यानंतर नकार देण्याची सोयच उरली नव्हती, असे म्हणावे लागेल. तटाचे तुकडे वाटून दिलेले, शेजारी प्रतिस्पर्ध्याची माणसे राबणारी. त्यामुळे दगड कोणाचा यावरून तंटे होऊ नयेत म्हणून प्रत्येकाने आपापल्या दगडांवर वर्तुळ, त्रिकोण अशा खुणा कोरल्या. त्या आजही तटात दिसतात. मुख्य मनोऱ्याचा चौथरा मात्र कातो कियोमासा या सरदाराने एकट्याने उभारला.

बखरवाचक: एक आख्यायिका जोडतो. फुकुशिमा मासानोरी हा दुसरा सरदार या बांधकामावरून कुरकुरू लागला, तेव्हा कियोमासाने त्याला सुनावले, की इतके जड जात असेल तर घरी जाऊन सरळ बंड कर. खरे-खोटे असो, पण १६१५ च्या कायद्याने नवे किल्ले बांधण्यास बंदी आणि डागडुजीची वर्दी देणे सक्तीचे झाल्यावर, पुराने खचलेला हिरोशिमाचा किल्ला परवानगीविना दुरुस्त केल्याचा ठपका याच मासानोरीवर आला आणि १६१९ मध्ये त्याची सुमारे ५ लाख कोकूंची (कोकू म्हणजे तांदळाच्या उत्पन्नाचे माप) जहागीर गेली.

गडवेडा: म्हणजे दुसऱ्याचा किल्ला बांधला नाही तरी संकट, आणि स्वतःचा सावरला तरी संकट! आभारी आहे.