मिती म्हणजे तारीख की डायमेन्शन? (समांतर विश्वांच्या कॅलेंडरसाठी शब्द हवाय)

मंडळी, एक विज्ञानकथा लिहितोय, त्यात पाच समांतर विश्वं आहेत आणि प्रत्येकाचं कॅलेंडर वेगळं, एकात वर्ष ३५४ दिवसांचं, एकात चारशेच्या पुढे, एकात तर महिने नाहीतच नुसते पक्ष मोजतात. डायमेन्शनला मी "मिती" वापरलाय, त्रिमिती-भूमितीमुळे रुळलेला शब्द आहे. काल आईला एक पान वाचून दाखवलं, "तिसऱ्या मितीला ती परत आली", तर आई म्हणते सरळ तृतीयेला आली असं लिही की! झाली पंचाईत. तर एक, ह्या दोन्ही मिती एकच का? दोन, एका विश्वातून दुसऱ्यात जाताना नायिकेचा जो दिवस हरवतो त्याला "क्षयतिथी" म्हटलं तर चालेल का? तीन, तारीख लिहिताना त्यात विश्व कुठे लिहायचं? आणि ह्या सगळ्या भानगडीच्या कॅलेंडरला नाव काय द्यावं, दिनदर्शिका म्हटलं की डोळ्यापुढे स्वयंपाकघरातला खिळाच येतो.

प्रतिसाद:
एकच हो. मा हा संस्कृत धातू, म्हणजे मोजणे, त्यावरून मिती म्हणजे माप. जागा मोजली की भूमिती, दिवस मोजला की मिती. आमच्या आजोबांच्या किराणा दुकानाचा एक रोजमेळ घरात आहे, लाल कापडी बांधणीचा, प्रत्येक पानावर पहिली ओळ "मिती आषाढ वद्य ३" अशी आणि मग खाली जमा-नावे. व्याज सुद्धा मितीपासून मितीपर्यंत मोजायचे. लग्नपत्रिकेत अजून कुठे कुठे दिसतो हा शब्द, बाकी तारखेने त्याला खाल्लंच. गंमत म्हणजे कॅलेंडर हा शब्द पण वहीतलाच आहे, लॅटिनमधे कॅलेंडारियम म्हणजे येणी टिपायची वही, देणी महिन्याच्या पहिल्या दिवशी द्यायची असत म्हणून. तेव्हा आईंचं काही चुकलेलं नाही, तुमच्या वाक्याला दोन अर्थ आहेत आणि मी असतो तर तसंच ठेवलं असतं.

प्रतिसाद:
क्षयतिथी नको, प्लीज. क्षयतिथीत वेळ कुठेच हरवत नाही. चंद्र सूर्यापासून १२ अंश पुढे सरकला की एक तिथी होते, त्याला साधारण २० ते २७ तास लागतात, आणि दिवसाला नाव मिळतं ते सूर्योदयाला जी तिथी चालू असेल तिचं. आता एखादी तिथी सूर्योदयानंतर सुरू झाली आणि दुसरा सूर्योदय व्हायच्या आत संपली तर ती कुठल्याच दिवसाला मिळत नाही, तो क्षय. म्हणजे ती असते, घडते, फक्त तिच्या नावाचा दिवस नसतो. आणि जी दोन सूर्योदय गाठते ती वृद्धी. (अमेरिकेतल्या नातेवाईकांची एकादशी कधीकधी आपल्या आदल्या तारखेला येते ती ह्याच हिशोबाने, सूर्योदय ज्याचा त्याचा.) त्यामुळे तुमच्या नायिकेने जर सूर्योदय न बघताच एक अख्खं विश्व ओलांडलं असेल तर मात्र शब्द फिट्ट बसतो. नुसता दिवस गायब झाला असेल तर नाही.

प्रतिसाद:
समांतर विश्व वगैरे शोधायला लांब कशाला जाताय, आमच्या कोकणात या. टिळक पंचांगवाले आणि बाकीचे, अयनांश (राशीचक्राचा आरंभ कुठे धरायचा तो कोन) वेगळा धरतात म्हणून टिळकवाल्यांची संक्रांत १० जानेवारीच्या आसपास, आणि अधिक महिना वेगळा पडला तर त्यांचा गणपती महिनाभर आधी. लहानपणी आमचा गणपती विसर्जन होऊन शेजारी अजून माती पण आली नव्हती, मला वाटायचं आम्हीच पुढच्या काळात राहतो. आणि महाशिवरात्र आपल्याकडे माघात, उत्तरेत फाल्गुनात, रात्र तीच! तिथे पौर्णिमेला महिना संपतो, आपला अमावास्येला. आजी मात्र ह्या कशातच पडायची नाही, दोन्हीकडचे मोदक खायची.

प्रतिसाद:
तारखेत विश्व कुठे लिहायचं म्हणताय तर पूजेचा संकल्प ऐका कधी नीट. श्वेतवाराह कल्पे, वैवस्वत मन्वंतरे, कलियुगे, जंबुद्वीपे, भरतवर्षे, दंडकारण्ये देशे, गोदावरीच्या कुठल्या तीरावर ते सुद्धा, मग शालिवाहन शक, संवत्सर, अयन, ऋतू, मास, पक्ष, तिथी, वासर. गुरुजी भराभरा म्हणतात आणि आपण पळीतलं पाणी सांडू नये ह्या चिंतेत असतो, पण तो अख्खा पत्ताच आहे, काळाचा आणि जागेचा एकत्र. तुमची मिती तिथे कल्पाच्याही आधी बसेल.
पाचही विश्वांना एकच सामायिक मोजणी हवी असेल तर "अहर्गण" घ्या, म्हणजे एका ठरलेल्या आरंभापासून गेलेले दिवस, महिने-बिहिने काही नाही. आकडा भलताच वाढतो म्हणून गणेश दैवज्ञांनी ग्रहलाघव ह्या ज्योतिषाच्या ग्रंथात (शके १४४२) ११ वर्षांचं, ४०१६ दिवसांचं चक्र केलं, तुम्ही पण काहीतरी तसं करा नाहीतर वाचक पळेल.

धागाकर्ता:
_/\_ संकल्पाचं डोक्यातच आलं नव्हतं. क्षयतिथी ठेवतोय, सूर्योदय काढून टाकतो, पान परत लिहायला लागेल पण चालेल. नाव "मितीदर्शिका" कसं वाटतंय? दोन्ही अर्थ येतात. आणि अनेक विश्वांच्या तारखांना मिळून "तवारीख" म्हणणार आहे, ते तारीखचंच अरबी अनेकवचन आहे म्हणे.

प्रतिसाद:
तवारीख मस्त, पण मराठी वाचक त्याला इतिहास समजेल. समजू दे म्हणा.

प्रतिसाद:
नाव झकास. फक्त समासात पहिलं पद तत्सम ऱ्हस्व इकारान्त असलं की ते ऱ्हस्वच राहतं, कविराज, तिथिवार, तसं मितिदर्शिका. ति पहिली.

धागाकर्ता:
आईने पण हेच सांगितलं आत्ता. बदलतो.